दाराआडचे रडणे

कोकणातल्या दशावतार या लोकनाट्यात लेखक नसतो. जत्रेच्या रात्री खेळ उभा राहण्याआधी आख्यान कोणते लावायचे हे मंडळी ठरवतात, वेश वाटून घेतात, पेटीवाला आणि मृदंगवाला आपापल्या जागी बसतात, आणि त्यानंतर पहाटेपर्यंत जे बोलले जाते ते बोलणाऱ्याचे स्वतःचे असते. राजपार्टीला राजाचे भाषण कुणी लिहून दिलेले नसते. समोरचा काय बोलला ते ऐकून त्याला आपले वाक्य तिथल्या तिथे घडवावे लागते, आणि घडवताना पुराणातला संदर्भ चुकलाच, तर पुढे बसलेला एखादा म्हातारा दुसऱ्या दिवशी चहाच्या टपरीवर ती चूक काढल्याशिवाय राहत नाही. नटाने लिहावे यात आम्हा सिंधुदुर्गातल्या माणसांना त्यामुळे नवल वाटत नाही. मला खटकत आले आहे ते एवढेच, की या खेळातली द्रौपदी आणि तारामती काय बोलणार हेही पिढ्यान्‌पिढ्या पुरुषांनीच ठरवले. स्त्रीपार्टी, म्हणजे बायकांची सोंगे, करणाऱ्या आमच्याकडच्या पुरुष कलावंतांनी मला लहानपणी जत्रेत रडवले आहे, तेव्हा त्यांच्या ताकदीबद्दल मी काही बोलणार नाही. पण तारामतीचे सोंग एखाद्या बाईने घेतले असते तर रोहिदासाच्या प्रेतापाशी ती एवढी बोलली असती का, हा प्रश्न मला तेव्हापासून पडत आला आहे.

एमा थॉम्पसन या ब्रिटिश अभिनेत्रीच्या कारकिर्दीकडे मी वळले ती या प्रश्नामुळे. अभिनयाचे आणि पटकथेचे अशी दोन्ही ऑस्कर मिळवणारी ती एकमेव व्यक्ती आहे, ही माहिती तिच्याबद्दलच्या प्रत्येक लेखात असते आणि ती खरीच आहे. ‘हॉवर्ड्‌स एंड’ या १९९२ च्या चित्रपटासाठी तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला आणि १९९५ च्या ‘सेन्स अँड सेन्सिबिलिटी’साठी रूपांतरित पटकथेचा. तरीही दोन बाहुल्यांची ही नोंद तिच्या कामाविषयी फारसे काही सांगत नाही. नटीने लिहिलेले लेखन इतरांच्या लेखनापेक्षा कुठे वेगळे पडते, हे पाहायचे तर पुरस्कार बाजूला ठेवून तिचे एखादे दृश्य उलगडून बसावे लागते.

तिचे लेखन तसे अभिनयाच्या मागून आलेले नाही. वडील एरिक थॉम्पसन आणि आई फिलिडा लॉ दोघेही नट. वडिलांनी तर एका फ्रेंच बाहुलीमालिकेची चित्रे तेवढी घेतली, मूळ संवाद बाजूला ठेवले आणि स्वतःच्या मनाने इंग्रजी निवेदन रचून ती ब्रिटनमध्ये घरोघरी पोहोचवली. समोर चित्र हलते आहे आणि त्याला शोभेल असे बोलणे आपण घालायचे, हा उद्योग तिने लहानपणी घरातच पाहिला असणार. केंब्रिजमध्ये इंग्रजी साहित्य शिकताना ती फुटलाइट्स या विद्यार्थ्यांच्या नाट्यमंडळात होती, आणि १९८० साली त्या मंडळाने पहिल्यांदाच केवळ स्त्रियांचा कार्यक्रम केला तेव्हा त्याच्या लेखनात आणि दिग्दर्शनात तिचा हात होता. पुढे १९८८ मध्ये बीबीसीवर तिच्याच आडनावाची, तिनेच लिहिलेली एक प्रहसनमालिका आली. समीक्षकांनी ती अक्षरशः सोलून काढली. मालिका पडली, मात्र तिच्यातली जुन्या काळात घडणारी काही प्रहसने लिंडसे डोरॅन या निर्मातीच्या पाहण्यात आली. जेन ऑस्टिनच्या ‘सेन्स अँड सेन्सिबिलिटी’ या कादंबरीवर चित्रपट करण्याचे डोरॅनच्या मनात बरीच वर्षे होते आणि विनोद व हळवेपणा दोन्ही एकाच हाताने लिहू शकणारा लेखक तिला सापडत नव्हता. तोवर एकही पटकथा नावावर नसलेल्या या नटीला तिने ते काम दिले. पुढची चार-पाच वर्षे थॉम्पसन इतर चित्रपटांत भूमिका करत होती आणि मधल्या वेळात मसुदे फाडत होती.

कादंबरीची सुरुवात कोकणातल्या वाचकाला समजावून सांगावी लागत नाही. वडील वारतात, घर आणि जमीन पहिल्या बायकोच्या मुलाकडे जाते, आणि सावत्र आई व तिच्या तीन मुली त्याच घरात पाहुण्या होतात. बहिणींना सांभाळ, असे मरताना वडिलांनी मुलाकडून वदवून घेतलेले असते. हा मुलगा, जॉन डॅशवुड, तसा दुष्ट नाही. तीन हजार पौंड द्यावेत असे त्याच्या मनात येते. मग त्याची बायको फॅनी बोलू लागते, आणि त्या बोलण्यात तीन हजारांचे निम्मे होतात, निम्म्याची वर्षाला शंभर अशी नेमणूक होते, नेमणुकीची अधूनमधून दिलेली किरकोळ रक्कम होते. शेवटी आपल्या वडिलांच्या मनात पैसे देण्याचे कधी नव्हतेच, सामान हलवायला मदत करावी आणि हंगामात मासे वगैरे पाठवावेत एवढेच त्यांना अभिप्रेत होते, असे नवरा-बायकोचे एकमत होते. ऑस्टिनने हा सगळा संवाद एका प्रकरणात, बसल्या जागी घडवला आहे. थॉम्पसनने त्या दोघांना प्रवासाला लावले. घरातून निघताना एक आकडा, वाटेत घोडे बदलताना दुसरा, गाडीत पुन्हा तिसरा. आणि गाडी त्या बायकांच्या दाराशी येईपर्यंत देण्यासारखे काही उरलेले नसते. एक शब्दही खुलाशादाखल न घालता तिने संवादाला रस्ता दिला. एका खोलीत खुर्चीवर बसून दोन पाने बोलणे काय असते हे नटाच्या पाठीला ठाऊक असते, म्हणून हे सुचले असावे असे मला वाटते.

ते दृश्य पाहताना मला आमच्याकडची हक्कसोडपत्रे आठवली. महाराष्ट्राने १९९४ मध्ये हिंदू उत्तराधिकार कायद्यात दुरुस्ती करून मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत जन्माने हक्क दिला; देशभरात तो २००५ मध्ये आला. कायदा आल्यावरही किती घरांत बहिणी नव्या साडीत दुय्यम निबंधकाच्या कचेरीत येऊन सही करून जातात, हे त्या कचेरीबाहेर अर्धा तास उभे राहिले तरी दिसते. बाहेर आल्यावर भाऊ त्यांना हॉटेलात नेऊन जेवू घालतो आणि मे महिन्यात आंब्याची पेटी पाठवतो. फॅनीच्या माशांत आणि या पेटीत फरक एवढाच की आमच्या वहिनीला फारसे बोलावे लागत नाही, सगळे आधीच ठरलेले असते.

मार्गारेट ही धाकटी बहीण कादंबरीत नावापुरती आहे. थॉम्पसनने तिला एक नकाशांचे पुस्तक आणि एक रुसवा दिला. घरात नवे मालक शिरले म्हणून ही पोर ग्रंथालयात टेबलाखाली जाऊन बसली आहे. फॅनीचा भाऊ एडवर्ड तिथे येतो, त्याला ती दिसते, आणि तो तिला हाक मारत नाही. तो थोरल्या बहिणीला, एलिनॉरला, नाईल नदीच्या उगमाविषयी काहीतरी विचारतो. एलिनॉरच्या क्षणात ध्यानात येते आणि तीही गंभीर चेहऱ्याने वाटेल ते सांगू लागते. नाईल बेल्जियमला जाते, मग व्होल्गा निघते, दोघे मिळून जगाच्या भूगोलाची अशी काही माती करतात की टेबलाखालच्या पोरीला ते असह्य होऊन ती आतूनच दुरुस्ती करते. मूळ कादंबरीत यातले काही नाही. एडवर्ड हा चांगला माणूस आहे असे ऑस्टिन आपल्याला सांगते आणि आपण तिच्या शब्दावर विश्वास ठेवतो. पडद्यावर असे सांगून भागत नाही. नायकनायिका एकमेकांच्या प्रेमात पडतात ती एकमेकांकडे न पाहता, तिसऱ्याच कुणाला टेबलाखालून बाहेर काढण्याच्या खटपटीत. दोन नटांना मिळून करायला काम मिळाले, आणि प्रेमाबद्दल कुणालाच काही बोलावे लागले नाही.

मात्र मला तिची खरी ओळख पटली ती शेवटाकडच्या एका प्रसंगात. एडवर्डचे दुसरीशी लग्न झाले असे सगळे धरून चालले आहेत. एलिनॉरने हे दुःख कुणापुढे उघडे केलेले नाही, किंबहुना संबंध कथाभर तिने काहीच उघडे केलेले नाही. तो येतो, आणि लग्न आपले नव्हे तर भावाचे झाले असे सांगतो. कादंबरीत एलिनॉर खोलीतून जवळजवळ पळतच बाहेर जाते आणि दार लागताच आनंदाने रडू लागते. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीची लेखिका नायिकेला दार लावून देते. ते तिच्या काळाला आणि एलिनॉरच्या स्वभावाला शोभते, शिवाय दाराच्या अलीकडे आणि पलीकडे काय चालले आहे हे कादंबरीकाराला एकाच वाक्यात सांगता येते. थॉम्पसनने दार काढून टाकले. तिची एलिनॉर तिथेच, त्याच्यासमोर, आई आणि बहिणींच्या देखत खुर्चीवर बसलेली असताना फुटते. तिच्या घशातून निघणारा तो आवाज सुंदर नाही, त्यात हुंदका आहे, उचकी आहे, थोडे हसूही असावे. आई आणि बहिणी गडबडीने खोलीबाहेर पडतात, म्हणजे बाहेर जाणे कादंबरीतलेच राहिले, फक्त जाणारी माणसे बदलली. कागदावर ही अदलाबदल ओळभराची आहे. हा आवाज आपल्याला काढता येईल, त्याआधीचे दोन तास तो आवाज आवरून धरता येईल, आणि प्रेक्षक तेवढा वेळ वाट पाहील, याची खात्री असल्याशिवाय ती ओळ कुणी लिहिणार नाही.

गंमत अशी की एलिनॉर आपण करावी असे तिच्या मनात नव्हते. नताशा आणि जोली रिचर्डसन या सख्ख्या बहिणींनी एलिनॉर आणि तिची मधली बहीण मरिआन या दोघी कराव्यात अशी तिची इच्छा होती. कादंबरीतली एलिनॉर एकोणीस वर्षांची आणि चित्रीकरणाच्या वेळी थॉम्पसन छत्तिशीत. दिग्दर्शक आंग ली याने आग्रह धरला आणि एलिनॉरचे वय सत्तावीस करावे असे सुचवले. ऑस्टिनच्या इंग्लंडशी या तैवानी दिग्दर्शकाचा तोवर काही संबंध नव्हता, पण घरातली माणसे जेवणाच्या टेबलावर एकमेकांपासून काय लपवतात हे त्याला पक्के माहीत होते. पटकथा जिने लिहिली तिलाच तो सेटवर, म्हातारी दिसू नकोस, असे सांगत असे. तिने चित्रीकरणाची रोजनिशी ठेवून नंतर प्रसिद्ध केली. तीत या सूचना आहेत आणि त्यांवर तिचे हसणेही आहे. स्वतः लिहिलेल्या चित्रपटात तिने सगळे उघड भाव, पावसात भिजणे, कविता म्हणणे, तापाने फणफणणे हे मरिआनला, म्हणजे एकोणीस वर्षांच्या केट विन्स्लेटला दिले आणि आपल्याकडे गप्प बसणे ठेवले, ही गोष्ट मला फार मोठी वाटते. आपल्या हौशी रंगभूमीवर नटाने नाटक लिहिले की पहिले स्वगत कुणाच्या वाट्याला येते हे वेगळे सांगायला नको.

त्यानंतरचा तिचा लेखनप्रवास सरळ चढता नाही. ‘विट’ (२००१) हा मार्गारेट एडसन यांच्या नाटकावरून माइक निकल्स यांच्यासोबत लिहिलेला दूरचित्रवाणीपट मी तिच्या उत्तम कामांत धरते. जॉन डनच्या कविता शिकवणारी एक करडी प्राध्यापिका कर्करोगाने रुग्णालयात पडली आहे आणि कॅमेऱ्याकडे बघून आपल्याशी बोलते आहे. शेवटाकडे तिची वृद्ध गुरू भेटायला येते, डनची कविता म्हणू का विचारते, नको म्हटल्यावर पणतूसाठी घेतलेले सशाच्या पिल्लाचे चित्रपुस्तक पिशवीतून काढते, आणि बूट उतरवून तिच्या शेजारी पलंगावर बसून ते वाचून दाखवते. हा प्रसंग मूळ नाटकातला आहे आणि त्याला हात न लावण्याचे शहाणपण रूपांतरकारांनी दाखवले.

‘नॅनी मॅकफी’ (२००५) मध्ये तिने स्वतःसाठी जी भूमिका लिहिली ती पाहून मी मनापासून हसले. मोठे बोंडासारखे नाक, चामखिळी, ओठाबाहेर आलेला दात. मुले शहाणी होत जातात तशी ही कुरूपता एकेक करून गळत जाते. पन्नाशीकडे झुकलेल्या नटीला चित्रपटसृष्टी कोणत्या नजरेने बघते हे ठाऊक असलेल्या बाईने केलेली ही थट्टा आहे. ‘एफी ग्रे’ (२०१४) चा विषय मोठा, एफी आणि इंग्रज कलासमीक्षक जॉन रस्किन यांच्या कोरड्या लग्नाचा. पटकथेच्या हक्कावरून न्यायालयीन झगडे झाले आणि ते तिने जिंकले, पण पडद्यावर आलेला चित्रपट मला थंडच वाटला. ‘लास्ट ख्रिसमस’ (२०१९) दुसऱ्या लेखिकेसोबत लिहिलेला. त्याच्या शेवटी येणारी कलाटणी मला अर्ध्या वाटेतच दिसली आणि त्याबद्दल आणखी लिहिण्याजोगे काही नाही.

या वाटेने जाणारी ती एकटी नाही. रूथ गॉर्डन ही अमेरिकन नटी तिच्या कितीतरी आधीची. पती गार्सन कॅनिन याच्यासोबत लिहिलेल्या तीन पटकथांसाठी तिला ऑस्करची नामांकने होती आणि पुरस्कार मिळाला तो मात्र पुढे ‘रोझमेरीज बेबी’मधल्या (१९६८) सहायक भूमिकेसाठी, सत्तरी उलटल्यावर. हिंदीत हनी इराणी आहेत. बालकलाकार म्हणून पडद्यावर आल्या आणि पुढे ‘लम्हे’ (१९९१), ‘क्या कहना’ (२०००) लिहिले.

आणि आमच्याकडे हिराबाई पेडणेकर आहेत, ज्यांचे नाव या रांगेत कुणी घेत नाही कारण त्यांना रंगभूमीवर उभेच राहता आले नाही. सावंतवाडीच्या हिराबाई कलावंतिणींच्या घरातल्या. गाणे, वाचन, काव्य सगळे आत्मसात केलेल्या. त्यांनी १९०४ मध्ये ‘जयद्रथ विडंबन’ लिहिले आणि त्यांचे ‘संगीत दामिनी’ ललितकलादर्श या नामांकित मंडळीने १९१२ मध्ये रंगभूमीवर आणले. मराठीतल्या पहिल्या स्त्री नाटककार म्हणून त्यांचा उल्लेख होतो. त्या काळी अशा मंडळींत स्त्रीभूमिका पुरुषच करत. म्हणजे एका गाणाऱ्या बाईने एका बाईच्या तोंडी घातलेली पदे आणि वाक्ये एका पुरुषाच्या गळ्यातून प्रेक्षकांपर्यंत गेली, आणि जिला ती म्हणता आली असती ती कागदापर्यंतच राहिली. पुढे त्या नाटकांपासून आणि मुंबईपासून दूर गुहागरजवळ पालशेतला येऊन राहिल्या आणि १९५१ मध्ये तिथेच वारल्या. पालशेतला समुद्र आहे, पोफळीच्या बागा आहेत, आणि अशा ठिकाणी नाटक न लिहिता आयुष्य कसे काढता येते हे मला कळते. त्यांना ते कसे गेले हे मला सांगता येणार नाही. त्यांच्यावर नंतर वसंत कानेटकरांनी नाटक लिहिले. म्हणजे पुन्हा त्यांचे बोलणे दुसऱ्याने लिहिले.

म्हणून थॉम्पसनच्या बाबतीत मला हेवा वाटतो तो ऑस्करचा नाही. ज्या शरीराने वाक्य म्हणायचे त्याच शरीराने ते आधी कागदावर तोलून पाहण्याची, जड झाले तर उचलून टाकण्याची, आणि रडणे दाराच्या कोणत्या बाजूला असावे हे ठरवण्याची मुभा तिला मिळाली. राज्य नाट्य स्पर्धेच्या निमित्ताने आमच्या जिल्ह्यात दरवर्षी ज्या तालमी चालतात, त्यांत ही मुभा कशी दिसते हे मी अनेकदा पाहिले आहे, आणि ती जवळजवळ नेहमी चोरून घेतलेली असते. संहिता बाहेरून मागवलेली असते, लेखकाचे परवानगीपत्र फाइलमध्ये असते, आणि दिग्दर्शक स्वल्पविरामही हलवू देत नाही.

गेल्या वर्षी आमच्या नाटकात सासूची भूमिका करणाऱ्या बाईंना मुलगा घर विकायला निघाल्यावर पानभर भाषण होते. त्या दिवसा काजूच्या कारखान्यात काम करतात आणि सायंकाळी तालमीला येतात. ते भाषण त्यांच्या तोंडी बसेना. एकदा वाक्य विसरल्यामुळे त्या थांबल्या, आणि थांबल्या तशा पुढे होऊन त्यांनी भिंतीवरची सासऱ्यांची तसबीर उतरवली, पदराने पुसली आणि मुलाच्या हातात दिली. विकायचेच आहे तर हीही घेऊन जा, असा त्याचा अर्थ सगळ्यांना कळला. दिग्दर्शकांनी भाषण पुन्हा घ्यायला लावले, कारण परीक्षकांपुढे संहिता ठेवलेली असते. प्रयोगात भाषणच झाले. लोकांनी टाळ्या वाजवल्या, तेव्हा दिग्दर्शकांच्या निर्णयाला अगदीच चूक म्हणता येत नाही.

मी त्या बाईंना यंदा एक प्रवेश तरी लिहून आणा म्हणून सांगितले आहे. एकांकिका नको, नाटक नको, एकच प्रवेश, दोन माणसांचा. त्यांचा दहावीनंतर वहीशी संबंध आलेला नाही, पण दशावतारात पहाटेपर्यंत बोलणाऱ्यांचाही वहीशी फारसा येत नाही, हेही मी त्यांना बोलून दाखवले. त्यावर त्यांनी मान डोलावली आणि म्हणाल्या, “आधी काजी संपांदेत, मगे बघू.” कारखान्यातले काम पावसाळ्यापर्यंत चालते, तेव्हा जूनमध्ये मी पुन्हा विचारणार आहे.